निवृत्तीनंतरचा थॉमस जेफरसन आणि मॉन्टिसेलो: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सत्तेतून बाजूला झालेला मोठा माणूस गावी जातो, शेतीवाडी बघतो, झाडं लावतो, आल्यागेल्याशी गप्पा मारतो. हे चित्र सगळ्यांनाच आवडतं. अमेरिकेचा तिसरा राष्ट्राध्यक्ष थॉमस जेफरसन याची शेवटची १७ वर्षं या चित्रात छान बसतात. फक्त ती कोणाच्या पैशावर आणि कोणाच्या मेहनतीवर गेली, हे विचारायचं नाही. इथे ते विचारलं आहे. व्हर्जिनियातल्या मॉन्टिसेलोला जाऊन आलेले, जाणार असलेले आणि नुसतंच कुतूहल असलेले लोक जे प्रश्न हमखास विचारतात, ते खाली घेतले आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, त्याला इलाज नाही.

जेफरसन निवृत्त कधी झाला?

४ मार्च १८०९ रोजी. त्या दिवशी त्याचा मित्र जेम्स मॅडिसन राष्ट्राध्यक्ष झाला आणि जेफरसनची आठ वर्षांची कारकीर्द संपली. वय ६५, महिनाभरात ६६ पूर्ण होणार होती. सामानाची आवराआवर करून ११ मार्चला तो वॉशिंग्टनहून निघाला. वाटेत हिमवादळ लागलं, रस्ते खराब होते, तेव्हा गाडी सोडून त्याने बराच प्रवास घोड्यावरून केला आणि १५ तारखेला घरी पोचला. त्यानंतर वॉशिंग्टनमध्ये त्याने पुन्हा कधी पाऊल टाकलं नाही.

पद सोडण्याच्या दोनच दिवस आधी, म्हणजे २ मार्चला, त्याने आपल्या एका फ्रेंच मित्राला लिहिलं होतं की साखळदंडातून सुटलेल्या कैद्यालाही वाटणार नाही इतकं हायसं मला सत्तेच्या बेड्या झटकताना वाटेल. हे वाक्य जेफरसनवरच्या लिखाणात नेहमी कौतुकाने दिलं जातं. ज्या घरी तो निघाला होता तिथे शंभराहून जास्त माणसं त्याच्या मालकीची होती, ही आठवण मात्र त्याच्या शेजारी क्वचितच दिसते.

मॉन्टिसेलो म्हणजे नुसतं घर की जहागीर?

दोन्ही. शार्लट्सव्हिल गावाजवळच्या एका टेकडीच्या माथ्यावर घर, आणि आजूबाजूला सुमारे ५,००० एकर जमीन. टफ्टन, लेगो, शॅडवेल अशी वेगवेगळी शेतं, प्रत्येक शेतावर मुकादम. बरीचशी जमीन वडिलोपार्जित. आधी तंबाखू पिकायचा. तंबाखूने जमिनीचा कस गेला तेव्हा १७९० च्या दशकात त्याने गव्हाकडे मोर्चा वळवला. रिव्हॅना नदीवर पिठाची गिरणी होती. खिळे बनवण्याचा कारखाना होता, कापड विणण्याची कामशाळा होती. यातलं काहीच फारसं फायद्यात चाललं नाही.

घराचं एवढं कौतुक का?

कारण ते त्याने स्वतः आखलं, बांधलं, पाडलं आणि पुन्हा बांधलं. टेकडीचा माथा सपाट करायला सुरुवात झाली १७६८ मध्ये, आणि घुमट असलेलं, ३३ खोल्यांचं आजचं घर पुरं झालं ते तो निवृत्त होऊन परतला त्या सुमाराला. चाळीस वर्षं घराचं काम काढून बसलेला माणूस आपल्याकडेही सापडेल, पण इतक्या चिकाटीने नाही.

प्रवेशदालनात, मुख्य दारावर एक मोठं घड्याळ आहे. त्याची तोफगोळ्यांसारखी वजनं दोरीने खाली येत जातात आणि भिंतीवर लिहिलेल्या वारांवरून आजचा वार कळतो. भिंत कमी पडली म्हणून जमिनीला भोक पाडलं आणि शनिवार तळघरात गेला! जेवणघरात शेगडीच्या कडेला छोटी पाळण्यासारखी लिफ्ट आहे, तळघरातून वाइनच्या बाटल्या वर आणायला. एक दार मधल्या आसावर फिरतं आणि त्याला मागे फळ्या आहेत. पलीकडून कोणी ताटं मांडली की दार फिरवायचं, जेवण आत.

पर्यटक याला बुद्धीचा चमत्कार म्हणतात. तो आहेच. पण नीट पाहिलं तर या बहुतेक युक्त्यांचा उपयोग एकच: वाढणारा दिसू नये. स्वयंपाकघर, धुराडं, कोठ्या, नोकरांच्या खोल्या, सगळं टेकडीच्या उतारात, गच्चीच्या पोटाखाली बसवलेलं. वरून बघणाऱ्याला फक्त हिरवळ आणि लांबवर निळे डोंगर.

त्याचा दिनक्रम कसा होता?

शिस्तीचा. पहाटे घड्याळाचे काटे दिसू लागले की उठायचं, तापमान टिपून ठेवायचं, थंड पाण्यात पाय बुडवायचे. ही पायांची सवय त्याने सुमारे ६० वर्षं पाळली आणि आपल्याला सर्दी फारशी होत नाही याचं श्रेय तिला दिलं. मग पत्रं. दुपारी घोड्यावरून शेतांची फेरी. ही फेरी अगदी म्हातारपणी, आधार देऊन घोड्यावर बसवावं लागे तोपर्यंत चालू होती. साडेतीन-चारला मुख्य जेवण, मग नातवंडं, वाचन आणि झोप.

पत्रांनी तो वैतागला होता. १८२० या एकाच वर्षात आलेली पत्रं त्याने एकदा मोजली, तर १,२६७ भरली. त्यांतली कित्येक अनोळखी लोकांची, आणि उत्तर देणं त्याला सभ्यपणाचं वाटे. त्यात पॅरिसला असताना १७८६ मध्ये उजवं मनगट निखळून कायमचं अधू झालेलं. पत्राची नक्कल ठेवायला तो दोन लेखण्या जोडलेलं एक यंत्र वापरायचा: एक लेखणी हातात, दुसरी शेजारच्या कागदावर तेच लिहिते. आज आपल्याला त्याचं म्हातारपण इतकं बारकाईने माहीत आहे ते या नकलांमुळे.

जेफरसन शाकाहारी होता का?

हा प्रश्न आपले लोकच विचारतात. नाही. पण जवळपास. १८१९ मध्ये एका डॉक्टरला त्याने लिहिलं की मी मांस थोडंच खातो, आणि तेही अन्न म्हणून नव्हे, भाज्यांना तोंडी लावणं म्हणून. वाइन मात्र रोज, युरोपातून मागवलेली.

स्वयंपाक फ्रेंच पद्धतीचा. तो करायची ईडिथ फॉसेट. जेफरसन राष्ट्राध्यक्ष असताना तिला पंधराव्या वर्षीच वॉशिंग्टनला नेऊन फ्रेंच आचाऱ्याच्या हाताखाली शिकवलं होतं. निवृत्तीच्या १७ वर्षांत पाहुण्यांनी ज्या जेवणांची तारीफ लिहून ठेवली आहे, ती तिच्या हातची. ती गुलाम होती.

बागेत काय काय होतं?

टेकडीच्या आग्नेय उतारावर १,००० फूट लांबीचा सपाट पट्टा खोदून काढला होता, खाली दगडी ताल घातलेली. खोदकाम भाड्याने आणलेल्या गुलामांकडून करवून घेतलं. या पट्ट्यात त्याने आयुष्यभरात ३३० च्या वर जातींच्या भाज्या लावून पाहिल्या. उतार असा निवडलेला की थंडीतही ऊन मिळावं आणि हंगाम लांबावा.

यादी वाचताना मजा येते, कारण ओळखीची मंडळी भेटतात: भेंडी, वांगी, टोमॅटो आणि तीळ. तिळावर तर तो खूश होता. ऑलिव्ह तेल महाग पडतं, त्याला हा पर्याय, असं त्याला वाटे. तीळ आणि भेंडी अमेरिकेत आली ती आफ्रिकेतून पकडून आणलेल्या लोकांबरोबर. म्हणजे मालकाच्या प्रयोगाच्या वाफ्यात जे होतं त्यातलं काही त्याच्या गुलामांच्या परसात आधीपासून होतं. आणि ही परसं होतीच. दिवसभराचं काम आटोपल्यावर ते लोक स्वतःसाठी भाजी लावत, कोंबड्या पाळत, आणि रविवारी मालकाच्या घरी काकड्या, कोबी, अंडी विकत. त्याची नात अ‍ॅन हिने या खरेदीचा हिशेब लिहून ठेवला आहे. हजार फुटांची बाग असलेल्या घरात भाजी विकत घेतली जात होती, ती गुलामांकडून.

मटार त्याचे सर्वांत लाडके. आसपासच्या जमीनदारांत पैज असे: वसंतात ज्याच्या ताटात पहिले मटार येतील त्याने इतरांना जेवायला बोलवायचं. बहुतेक वेळा शेजारचा जॉर्ज डायव्हर्स जिंके. एकदा जेफरसनचे मटार आधी आले तेव्हा त्याने घरच्यांना गप्प बसवलं, डायव्हर्सचा आनंद कशाला घालवा म्हणून, अशी घरात सांगितली जाणारी गोष्ट आहे. १८११ मध्ये एका चित्रकार मित्राला त्याने लिहिलं, की मी म्हातारा असलो तरी माळी म्हणून अजून पोर आहे. त्या बागेचा खरा माळी वर्म्ली ह्यूज. पुढे जेफरसनची कबर त्यानेच खणली.

एवढे पाहुणे खरंच यायचे का?

यायचे, राहायचे आणि खायचे. नातलग, जुने सहकारी, परदेशी प्रवासी, शिफारसपत्र घेऊन आलेले आणि न घेता आलेले. मुलगी मार्था घर सांभाळायची. ती, नवरा आणि तिची ११ मुलं असा गोतावळा आधीच होता. कधीकधी रात्री ५० माणसांची झोपायची सोय करायची वेळ येई. १८०६ पासून १८२२ पर्यंत मुकादम असलेल्या एडमंड बेकनने पुढे सांगितलं आहे की चांगला मोठा बैल कापला तरी एक-दोन दिवसांत फस्त व्हायचा, आणि पाहुण्यांच्या घोड्यांना गाडीभर गवत पाठवलं तर सकाळी कोंबडीच्या घरट्यापुरतंही उरायचं नाही. बेकन पाहुण्यांवर मनापासून चिडलेला दिसतो. हिशेब त्याला ठेवावा लागे.

मग तो कंटाळून कुठे जायचा?

पॉप्लर फॉरेस्टला. बेडफर्ड काउंटीत, सुमारे ९० मैलांवर, सासऱ्याकडून आलेली जमीन. तिथे त्याने १८०६ पासून एक अष्टकोनी घर बांधलं. आतल्या खोल्याही अष्टकोनी, मधोमध वरून उजेड येणारं चौकोनी दालन. प्रवासाला तीन दिवस लागत. वर्षातून तीन-चार वेळा, बहुधा नाती बरोबर घेऊन जायचा. सुतारकाम जॉन हेमिंग्जचं. तो उत्तम कारागीर, लिहिता-वाचता येणारा, आणि गुलाम. १८२३ नंतर जेफरसनला तिकडे जाणं झेपलं नाही.

त्याने आपली पुस्तकं का विकली?

ऑगस्ट १८१४ मध्ये ब्रिटिश फौजेने वॉशिंग्टन जाळलं, त्यात काँग्रेसचं ग्रंथालयही गेलं. जेफरसनने आपला संग्रह देऊ केला. ६,४८७ ग्रंथ, किंमत २३,९५० डॉलर. प्रतिनिधिगृहात यावर चांगलीच जुंपली. परदेशी भाषांतली आणि धर्मबाह्य पुस्तकं कशाला हवीत, असा विरोधकांचा सूर. ठराव ८१ विरुद्ध ७१ असा काठावर मंजूर झाला. १८१५ मध्ये दहा गाड्या भरून पुस्तकं गेली. आजच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसचा पाया हाच. यातली दोनतृतीयांश पुस्तकं १८५१ च्या आगीत जळाली.

देशप्रेम खरं होतं आणि पैशाची नडही खरी होती. त्या रकमेतली मोठी वाटणी थेट देणेकऱ्यांकडे गेली. पुस्तकं गेल्या गेल्या त्याने आपल्या आधीचा राष्ट्राध्यक्ष जॉन अ‍ॅडम्स याला कळवलं की पुस्तकांशिवाय मला जगता येत नाही, आणि पुन्हा खरेदी सुरू केली. उधारीवर.

जॉन अ‍ॅडम्सशी भांडण मिटलं ते कसं?

१८०० ची निवडणूक जेफरसनने अ‍ॅडम्सला हरवून जिंकली, आणि दोघांचं बोलणं तुटलं. बेंजामिन रश हा दोघांचा मित्र मध्ये पडला. १ जानेवारी १८१२ ला अ‍ॅडम्सने पहिलं पत्र टाकलं: घरी विणलेल्या कापडाचे दोन नग पाठवतोय. जेफरसनने लगेच व्हर्जिनियातल्या घरगुती विणकामावर गंभीर उत्तर लिहून धाडलं. पार्सल मागाहून उघडलं तर त्यात अ‍ॅडम्सच्या मुलाच्या व्याख्यानांचे दोन खंड. म्हाताऱ्याने थट्टा केली होती.

पुढची १४ वर्षं पत्रं चालू राहिली. धर्म, प्लेटो, म्हातारपण, नेपोलियन, शोक, सगळ्यावर. अ‍ॅडम्सने जेफरसनच्या दुपटीहून जास्त पत्रं लिहिली. त्याच्याकडे वेळ होता आणि पाहुणे कमी होते. गुलामगिरीवर मात्र दोघे जपून बोलले. अ‍ॅडम्सने आयुष्यात एकही गुलाम ठेवला नव्हता, आणि दोस्ती टिकवायची होती.

विद्यापीठाचं काम त्याने निवृत्तीनंतर केलं?

हो, आणि माझ्या मते या १७ वर्षांत निर्विवाद मोठं म्हणावं असं हेच एक काम. ऑक्टोबर १८१७ मध्ये पायाचा दगड बसला, तेव्हा मॅडिसन आणि त्याच्यानंतर राष्ट्राध्यक्ष झालेला जेम्स मन्रो दोघेही हजर. ऑगस्ट १८१८ मध्ये ७५ वर्षांचा जेफरसन ब्लू रिज डोंगरातल्या रॉकफिश खिंडीत समितीच्या बैठकीला गेला, जागा शार्लट्सव्हिलचीच ठरवून घेतली. २५ जानेवारी १८१९ ला व्हर्जिनिया विद्यापीठाला सनद मिळाली.

आराखडा त्याचा: एक लांब हिरवळ, दोन्ही बाजूंना मिळून दहा इमारती, प्रत्येकीत वर प्राध्यापकाचं घर आणि खाली वर्ग, मधून विद्यार्थ्यांच्या खोल्या, आणि टोकाला रोममधल्या पँथिऑनवरून बेतलेलं गोल घुमटाचं ग्रंथालय. त्या काळी विद्यापीठाच्या मध्यभागी चर्च असायचं. इथे पुस्तकं. मॉन्टिसेलोच्या गच्चीवरून तो दुर्बिणीने बांधकाम बघायचा, आणि घोड्यावरून चार मैल जाऊन गवंड्यांशी वाद घालायचा. अभ्यासक्रम त्याने आखला, ग्रंथालयाची यादी त्याने केली. प्राध्यापक आणायला इंग्लंडला माणूस पाठवला. विटा भाजणारे, माती उपसणारे, ओझी वाहणारे बरेचसे गुलाम होते, आणि शिकायला फक्त गोरी मुलं.

७ मार्च १८२५ ला वर्ग सुरू झाले. जेफरसनचा विश्वास होता की मुलांवर कडक पहारा नको, ती स्वतःला सांभाळतील. जमीनदारांची ती मुलं! दारू, जुगार, आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला तोंडं झाकून दंगा, परदेशी प्राध्यापकांविरुद्ध घोषणा. त्यानंतर लगेचच विद्यार्थ्यांसमोर जेफरसन बोलायला उभा राहिला, माझ्या आयुष्यातल्या सर्वांत दुःखद प्रसंगांपैकी हा एक, असं काहीसं म्हणाला आणि त्याला पुढे बोलवेना. दंगेखोरांत त्याच्या नात्यातलाच एक मुलगा होता. त्याला काढून टाकलं.

राष्ट्राध्यक्ष होता, मग पेन्शन नव्हती?

नव्हती. माजी राष्ट्राध्यक्षांना पेन्शन देणारा कायदा झाला १९५८ मध्ये. जेफरसनला वर्षाला २५,००० डॉलर पगार होता, त्या काळी प्रचंड, तरी तो पद सोडताना कर्ज घेऊनच निघाला.

मग एवढं कर्ज झालं कसं?

तीन थर आहेत. पहिला जुना: सासरे जॉन वेल्स १७७३ मध्ये वारले. त्यांची जमीन आणि १३५ गुलाम वाट्याला आले, आणि त्यांची इंग्लंडमधल्या व्यापाऱ्यांची देणीही. जेफरसनने फेडण्यासाठी जमीन विकली, पण युद्धाच्या धामधुमीत हाती आलेल्या कागदी पैशाला किंमत उरली नाही. दुसरा थर राहणीचा: घर पाडून बांधणं, वाइन, पुस्तकं, पाहुणे. तो पैसान्पैसा वहीत लिहायचा, पण जमाखर्चाचा ताळेबंद कधी मांडायचा नाही; लिहिण्याने हिशेब होत नाही, हे त्याच्या वह्या बघितल्या की पटतं. त्यात जमिनीचे आणि पिकाचे भाव पडत गेले.

तिसरा थर जामिनकीचा, आणि तोच जीवघेणा ठरला. १८१८ मध्ये विल्सन केरी निकोलस याने २०,००० डॉलरच्या कर्जाला जामीन राहायला सांगितलं. निकोलस माजी गव्हर्नर, बँकेच्या रिचमंड शाखेचा प्रमुख, आणि मुख्य म्हणजे नातवाचा सासरा. नाही कसं म्हणणार? १८१९ मध्ये देशभर मंदी कोसळली, निकोलस बुडाला आणि पुढच्याच वर्षी मेला. वर्षाला १,२०० डॉलरचं व्याज म्हाताऱ्याच्या डोक्यावर बसलं.

१८२६ च्या फेब्रुवारीत व्हर्जिनियाच्या विधिमंडळाने त्याला खास परवानगी दिली: जमीन सोडतीत काढायची, तिकिटं विकायची. न्यूयॉर्क, फिलाडेल्फिया, बाल्टिमोरमध्ये लोकांनी वर्गणी गोळा केली. रक्कम कर्जाच्या मानाने किरकोळ होती, पण आपलं घर वाचलं या समजुतीत तो गेला. सोडत कधी निघालीच नाही. मृत्यूच्या वेळी देणं एक लाख सात हजार डॉलरच्या वर होतं.

त्याच्याकडे किती गुलाम होते?

आयुष्यभरात मिळून ६०० च्या वर. निवृत्तीच्या काळात एकट्या मॉन्टिसेलोत सुमारे १३०, पॉप्लर फॉरेस्टचे वेगळे. घराजवळच्या मलबेरी रो या रस्त्यालगत कामाच्या झोपड्या आणि राहायच्या खोल्या होत्या. शेतीच्या वहीत त्याने नियम लिहून ठेवला आहे: दहा वर्षांपर्यंतच्या मुलांनी लहानग्यांना सांभाळायचं, दहा ते सोळा मुलांनी खिळे ठोकायचे, मुलींनी सूत कातायचं, सोळाव्या वर्षी शेतात जायचं किंवा हुन्नर शिकायचा.

पण तो गुलामगिरीच्या विरोधात होता ना?

लिहिण्यात होता. वागण्यात त्याला निवृत्तीच्या काळात तीन सरळ संधी आल्या.

१८१४ मध्ये एडवर्ड कोल्स या तरुण शेजाऱ्याने विनवलं की तुमच्या शब्दाला वजन आहे, मुक्तीच्या बाजूने उभे राहा. जेफरसनने उत्तर दिलं, हे तरुणांचं काम, माझ्याकडून फक्त प्रार्थना. वर कोल्सला सल्लाही दिला की आपले गुलाम सोडू नकोस. कोल्सने ऐकलं नाही. १८१९ मध्ये तो त्यांना घेऊन इलिनॉयकडे निघाला, वाटेतच त्यांना मुक्त केलं, आणि पुढे त्या राज्याचा गव्हर्नर झाला.

दुसरी संधी तर पैशासकट आली. पोलंडचा सेनानी तादेउश कोशचुश्को अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात लढला होता. त्याने मृत्युपत्रात आपली अमेरिकेतली मिळकत जेफरसनच्या हाती ठेवली: यातून गुलाम विकत घ्या, तुमचेही, त्यांना मुक्त करा आणि शिकवा. तो १८१७ मध्ये वारला. जेफरसनने १८१९ मध्ये ही जबाबदारी घ्यायला नकार दिला. वय झालं होतं, मृत्युपत्रं एकाहून जास्त असल्याने कज्जा लांबणार होता, ही कारणं खोटी नाहीत. तरी हे पान मला सगळ्यांत जड जातं.

तिसऱ्या वेळी सांगणारा दारात येऊन उभा राहिला. नोव्हेंबर १८२४ मध्ये लाफाएत, अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात लढलेला फ्रेंच सेनानी, मॉन्टिसेलोला आला. दोन म्हातारे मिठी मारून रडले, बघणाऱ्यांच्याही डोळ्यांत पाणी आलं. नंतर बग्गीतून फिरताना लाफाएत त्याला म्हणाला की या लोकांना स्वतंत्र केलंच पाहिजे. जेफरसनने वेळ येईल तेव्हा होईल, अशा अर्थाचं उत्तर दिलं. हे आपल्याला कळतं ते बग्गी हाकणाऱ्या इस्रायल जिलेटमुळे. तो ऐकत होता, आणि जवळपास ५० वर्षांनी त्याने ते सांगितलं.

आणि जून १८२० चं एक पत्र आहे, जावयाला लिहिलेलं: दर दोन वर्षांनी मूल देणारी बाई शेतावरच्या उत्तम गड्यापेक्षा मला जास्त फायद्याची वाटते, कारण तिच्यामुळे भांडवल वाढतं. त्याच वर्षी एप्रिलमध्ये मिसुरीत गुलामगिरी असावी की नसावी या वादाने आपल्याला रात्री वाजणाऱ्या आगीच्या घंटेसारखं दचकवलं, असं त्याने दुसऱ्या एका पत्रात लिहिलं होतं. दोन्ही पत्रं त्याच टेबलावर लिहिलेली.

सॅली हेमिंग्ज कोण?

जॉन वेल्सची गुलाम स्त्रीपासून झालेली मुलगी, म्हणजे जेफरसनच्या बायकोची सावत्र बहीण. बायको १७८२ मध्ये वारली. १७८७ मध्ये सॅली, वय १४, जेफरसनच्या धाकट्या मुलीची सोबत म्हणून पॅरिसला गेली. फ्रान्समध्ये ती स्वातंत्र्य मागू शकत होती. तिचा मुलगा मॅडिसन हेमिंग्ज सांगतो की पुढे होणाऱ्या मुलांना २१ व्या वर्षी मुक्त करण्याच्या वचनावर ती परतली. चार मुलं जगली: बेव्हर्ली, हॅरिएट, मॅडिसन, ईस्टन. पहिली दोघं १८२२ मध्ये निघून गेली, कोणी पाठलाग केला नाही. धाकट्या दोघांना मृत्युपत्राने मुक्त केलं.

या मुलांचा बाप जेफरसन होता, हे दीड शतकाहून जास्त काळ घराण्याने नाकारलं. १९९८ मध्ये ईस्टनच्या वंशजाचा डीएनए जेफरसन घराण्यातल्या पुरुषांशी जुळला, आणि २००० मध्ये मॉन्टिसेलो चालवणाऱ्या संस्थेनेही पितृत्व बहुधा जेफरसनचंच असल्याचं मान्य केलं.

तो ४ जुलैलाच गेला, हे खरं?

खरं. ४ जुलै १८२६, स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याला बरोबर ५० वर्षं, दुपारी एकच्या जरा आधी, वय ८३. त्याच दिवशी संध्याकाळी मॅसॅच्युसेट्समध्ये ९० वर्षांचा अ‍ॅडम्सही गेला. जेफरसन अजून आहे, असं तो शेवटी म्हणाल्याचं सांगतात. पाच वर्षांनी मन्रोनेही ४ जुलैच गाठला.

थडग्यावर काय लिहायचं हे जेफरसनने सांगून ठेवलं होतं: अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचा आणि व्हर्जिनियाच्या धर्मस्वातंत्र्य कायद्याचा लेखक, आणि व्हर्जिनिया विद्यापीठाचा जनक. राष्ट्राध्यक्षपदाचा उल्लेख नाही.

मरणानंतर गुलामांचं काय झालं?

मृत्युपत्राने पाच जण मुक्त झाले, पाचही हेमिंग्ज कुटुंबातले. मुक्त झालेल्याने वर्षभरात राज्य सोडावं असा व्हर्जिनियाचा कायदा होता, म्हणून त्यांना राहू द्यावं अशी विनंतीही त्यात होती. सॅलीला मार्थाने गाजावाजा न करता जाऊ दिलं.

बाकीचे लिलावात गेले. जानेवारी १८२७, कडाक्याची थंडी. घरातल्या सामानाबरोबर, गुरांबरोबर आणि धान्याबरोबर १३० माणसांची जाहिरात. लोहार जोसेफ फॉसेट मृत्युपत्राने मुक्त होणार होता, पण त्याची बायको ईडिथ, तीच स्वयंपाकीण, आणि मुलं विक्रीला होती. ११ वर्षांचा पीटर परक्याच्या हाती गेला. जोसेफने भट्टीवर राबून आणि नातलगांच्या मदतीने बायको आणि काही मुलं परत मिळवली. पीटरला सुटायला १८५० उजाडलं. तो पुढे सिनसिनाटीत मोठी जेवणं पुरवणारा व्यावसायिक आणि बाप्टिस्ट धर्मोपदेशक झाला.

लिलावाने कर्ज फिटलं नाही. उरलेलं नातू फेडत राहिला.

घर वाचवलं कोणी?

कुटुंबाने ते १८३१ मध्ये विकलं. १८३४ मध्ये युरिया लेव्ही या ज्यू नौदल अधिकाऱ्याने घेतलं. धर्मस्वातंत्र्यासाठी त्याला जेफरसनबद्दल आदर होता. लेव्ही घराण्याने ते जवळपास नव्वद वर्षं राखलं, आणि १९२३ मध्ये सध्याच्या संस्थेने विकत घेतलं. १९८७ पासून ते, विद्यापीठासह, युनेस्कोच्या जागतिक वारशात आहे.

मराठी माणसाचा याच्याशी काही संबंध?

एक आहे, आणि तो वर्षासकट जुळतो. मॅडिसन हेमिंग्ज आणि इस्रायल जिलेट या दोघांच्या आठवणी ओहायोतल्या एका वर्तमानपत्रात १८७३ मध्ये छापल्या गेल्या. त्याच वर्षी जोतीराव फुल्यांनी पुण्यात ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली आणि ती अर्पण केली अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, गुलामांना दास्यातून मुक्त केल्याबद्दल. इकडच्यांना तिकडचं, तिकडच्यांना इकडचं काही माहीत असण्याचं कारण नव्हतं.

बघायला जायचं तर?

वॉशिंग्टनहून गाडीने साधारण अडीच तास. तिकीट आधी काढा. पायथ्यापासून वर बस नेते. घराचा फेरफटका सगळेच घेतात. गुलामांच्या इतिहासाचा वेगळा आहे, तो चुकवू नका. २०१८ पासून सॅली हेमिंग्जच्या खोलीचं प्रदर्शनही खुलं आहे.

दफनभूमी दोन आहेत. जेफरसनची उतारावर, लोखंडी कुंपणात. ती वंशजांच्या संघटनेच्या मालकीची आहे, आणि तिने २००२ मध्ये हेमिंग्ज वंशजांना सदस्यत्व नाकारलं. तिथला स्तंभ १८८३ मधला. मूळ दगडाचे टवके लोक आठवण म्हणून काढून नेत, तो आता मिसुरी विद्यापीठात आहे. दुसरी दफनभूमी गुलामांची, गाड्या लावतो त्या जागेलगत, ४० च्या वर कबरी. बस पकडण्याच्या घाईत बहुतेक जण तिच्यावरून पुढे जातात.

पाच सेंटच्या नाण्यामागे हेच घर आहे का?

हेच, १९३८ पासून (मधली २००४-०५ ची नाणी सोडून), पश्चिमेची बाजू. पुढे जेफरसनचा चेहरा. दोन डॉलरच्या जुन्या नोटेमागेही हेच घर असायचं. १९७६ पासून तिथे जाहीरनाम्याचं चित्र आलं.